मागाहून चढवलेला आवाज

४ जानेवारी

प्रिय आत्या,

एखाद्या जुन्या फितीतला चेहरा पडद्यावर दाखवायचा असेल तर परवानगी कोणाची घ्यायची? ज्याच्या कॅमेऱ्याने तो टिपला त्याची, की चेहरा जिचा आहे तिची? गेला आठवडाभर हा प्रश्न माझ्या डोक्यात आहे आणि मला त्याचं उत्तर येत नाही. ऑफिसात विचारलं तर म्हणाले, फितीच्या मालकाची घे, कागद फायलीला लाव, विषय संपला. कायद्याने ते बरोबरच आहे. पण माझं समाधान होत नाही, म्हणून तुला विचारते.

मी नेमकं काय काम करते हे तुला अजून कोणी नीट सांगितलेलं नाही. बाबा सगळ्यांना सांगतात, पोरगी सिनेमात आहे. मग लोक मला बघायला येतात, मी बाहेर आले की त्यांचे चेहरे पडतात आणि ते चहा पिऊन निघून जातात. खरं काम असं आहे. आम्ही माहितीपट करतो. जे घडून गेलंय ते आता कॅमेऱ्याने काढता येत नाही. मग त्या वेळी कोणी बातम्यांसाठी, कोणी सरकारसाठी, कोणी हौसेने काढून ठेवलेलं शोधावं लागतं. अशा फितींचे डबे संग्रहात वर्षानुवर्षं पडून असतात. मी तिथे जाऊन ते उघडते, बघते, आणि आम्हाला काय उपयोगी पडेल ते निवडते. जुनी फीत सडायला लागली की तिला आंबट वास येतो. तो आता माझ्या कपड्यांना कायमचा लागलाय. आई विचारते, एवढी पदवी घेऊन काय आंबवतेस गं तिथे?

आता ऐक. आमचा नवा माहितीपट तुझ्या गिरणीवर आहे. आणि मला एक डबा सापडलाय. पिंजणखात्याला आग लागून तिघी गेल्या, दाराला बाहेरून कुलूप होतं, आणि त्यानंतर तुम्ही बायकांनी मालकाच्या कचेरीवर मोर्चा नेलात, एवढं मला बाबांकडून ठाऊक होतं. तोच मोर्चा त्या डब्यात आहे. फीत छोटी आहे आणि तिला आवाज नाही. त्या काळी बातम्यावाले बरेचदा आवाजाशिवायच चित्र घ्यायचे. आवाजाचं यंत्र जड असायचं, आणि मोर्चामागे ते घेऊन कोण धावणार?

मी फीत पुढेमागे करून तुला शोधलं. तू नाहीस. तुझी रांग यायच्या आधीच कॅमेरा बंद झाला असावा. पण तुझ्या कपाटाच्या दारावर जो फोटो चिकटवलाय, त्यातली तुझी मैत्रीण, जिला तुम्ही लांबडी म्हणायचात, ती आहे. सगळ्यांपेक्षा डोकं वर. एकदा ती मान वळवून मागे काहीतरी बोलते आणि पुन्हा पुढे बघते.

तिचा चेहरा आम्ही दाखवू का? आणि अजून एक सांग, तुमच्या घोषणा काय होत्या? फोन केला असता, पण फोनवर तुला माझं बोलणं पोचत नाही, आणि खरं सांगू, पत्रात तू जास्त बोलतेस.

तुझी
भाची


१३ जानेवारी

प्रिय पदवीधरबाई,

अनेक आशीर्वाद. पत्र पोचलं. तुझं अक्षर कॉलेजात जाऊन बिघडलं, हे तुझ्या बापाला कळवलं पाहिजे.

म्हणजे पहिल्याने चित्र काढायचं, तू ते शोधून आणायचं आणि तिसऱ्याने त्याचा सिनेमा करायचा. आयत्या बिळावर नागोबा. पण पगार वेळेवर होतो म्हणतो तुझा बाप, तर नागोबा सुखात राहो.

लांबडीचं विचारलंस. ती असती तर आधी म्हणाली असती, केस नीट दिसतायत का माझे? तिला जाऊन बरीच वर्षं झाली, लेक परदेशी, तो कोणाच्या पत्राला उत्तर देत नाही. तेव्हा तिच्या वतीने मीच हो म्हणते. एवढा हक्क माझा आहे. आम्ही शेजारशेजारच्या मागांवर वीस वर्षं उभ्या होतो. माग सुरू झाले की कानाशी येऊन बोंबललं तरी ऐकू येत नाही. म्हणून आवाज न काढता नुसते ओठ हलवायचे आणि दुसरीने ते वाचायचे. सासवांच्या सगळ्या चहाड्या आम्ही मुकादमाच्या नाकासमोर केल्या, त्याला कधी पत्ता लागला नाही. पुढे गिरणीने माझे कान ठेवून घेतले. ओठ वाचायची सवय मात्र बरोबर आली, म्हणून अजून चार माणसांत बसता येतं.

मी त्या फितीत नाही ते बरंच झालं. त्या आठवड्यात माझं तोंड बघण्यासारखं नव्हतं.

मोर्चात आम्ही काय म्हणत होतो ते विचारलंस. ते पत्रात लिहिण्यासारखं नाही. एक दिवस सवड काढून ये, समोर बसून सांगते. तोवर घाई करू नका. एवढी वर्षं डब्यात राहिलंय, आणखी थोडं राहील.

गुडघे आहेत तसेच आहेत. शेजारची सूनबाई औषधं आणून देते, चांगली मुलगी आहे, फक्त बोलते फार भराभर, ओठ वाचता वाचता मला धाप लागते.

तुझी
आत्या


६ फेब्रुवारी

प्रिय आत्या,

यायचं ठरवलं होतं गं. पिशवीसुद्धा भरली होती. पण प्रक्षेपणाची तारीख अचानक अलीकडे आली आणि आता एडिटिंगच्या खोलीतून बाहेर पडणं मुश्कील झालंय. ती खोली तू बघायला हवीस. खिडकी नाही, भिंतींना गोधडीसारखं जाड काहीतरी ठोकलंय आणि दोन पडद्यांसमोर आमचे संकलक पाय वर घेऊन बसलेले. ते बसले की खुर्ची आणि ते वेगळे ओळखू येत नाहीत. डायरेक्टर मागे येरझारा घालतात.

तुझं 'लिहिण्यासारखं नाही' मी त्यांना वाचून दाखवलं. डायरेक्टर पोट धरून हसले. म्हणाले, "म्हणजे मालकाला अस्सल शिव्या घातल्या असणार तुझ्या आत्याने. आपल्याला त्या तशाही वापरता आल्या नसत्या." मलाही हसू आलं. तू शिव्या देताना कशी दिसत असशील याचं चित्रच डोळ्यांसमोर येत नव्हतं.

एक भांडण झालं ते सांगते. डायरेक्टर मोर्चाचा तुकडा काढूनच टाकणार होते. त्यांचं म्हणणं, "आधी आगीची हकीकत, मग मालकाची मुलाखत, आणि मध्येच हे मुकं चित्र. बघणाऱ्याला वाटेल टीव्ही बिघडला. मुकं चित्र म्हणजे मेलेलं चित्र." मी म्हटलं, आख्ख्या फिल्ममध्ये मालक बोलतो, मॅनेजर बोलतो, एक प्राध्यापक तर थांबतच नाहीत. ज्यांच्या मैत्रिणी गेल्या त्या बायका फक्त या एका तुकड्यात आहेत, आणि तोच तुम्ही काढणार? माझा आवाज चढला असावा, कारण संकलकांनी पाय खाली घेतले. शेवटी डायरेक्टर म्हणाले, "ठीक आहे. पण मग त्याला जिवंत कर. ते तुझं काम."

मी केलंय. कसं ते आत्ता सांगत नाही, तुला पडद्यावरच कळू दे. एवढंच सांगते, त्या बायकांचं जे हरवलं होतं ते मी त्यांना परत मिळवून दिलंय. नोकरी लागल्यापासून पहिल्यांदा असं वाटलं की मी शिकले ते कोणाच्या तरी कामी आलं.

दहा मार्चला संध्याकाळी आहे. शेजारी जाऊन नक्की बघ.

तुझी
भाची


१२ मार्च

माझ्या गुणी पोरी,

आज पदवीधरबाई म्हणत नाही.

परवा बघितलं. सूनबाईने मला पुढची खुर्ची दिली, मागे तिचा नवरा, सासू, वरच्या मजल्यावरचे दोघं, सगळं घर भरलं होतं. तुझे ते प्राध्यापक भराभर काय बोलले मला कळलं नाही, दाढीमुळे ओठ दिसत नव्हते. मालकाचा मुलगा, आता तोच मालक, बापासारखाच दिसतो आणि तसाच खोटं बोलताना खालचा ओठ चावतो. मग आमचा मोर्चा आला. पाय आले, पाठी आल्या, आणि मग लांबडी.

मी रडले नाही. सूनबाई रडली. मला आश्चर्य वाटलं, तिला काय माहीत आमचं?

तू न विचारता समजलीस. मी तुला समोर बसवून सांगणार होते ते तुला आधीच कळलं होतं, म्हणूनच तू म्हणालीस ना, जे हरवलं ते परत दिलंय. आता लिहायला हरकत नाही.

पिंजणखातं आमच्या मागांच्या भिंतीला लागून होतं. आग लागली तेव्हा त्या तिघी दारापाशी आल्या. दार बडवलं, हाका मारल्या. बायका मधेच बाहेर जातात म्हणून मुकादम कुलूप लावायचा हे सगळ्यांना ठाऊक होतं, कोणी काही बोलत नव्हतं. त्या हाका मारत होत्या आणि भिंतीच्या अलीकडे आम्ही माग चालवत होतो. मी तुटलेला धागा जोडत होते. लांबडी माझ्याकडे बघून तिच्या सासूची काहीतरी गंमत सांगत होती आणि मी हसत होते. धूर दिसला तेव्हा कळलं.

मोर्चाच्या आदल्या दिवशी युनियनचे पुढारी घोषणा लिहून घेऊन आले. लांबडीने कागद वाचला आणि परत दिला. म्हणाली, त्या ओरडत होत्या तेव्हा आपल्याला ऐकू गेलं नाही. आता आपण कोणत्या तोंडाने ओरडायचं? पुढारी चिडला. म्हणाला, मोर्चा आहे की प्रेतयात्रा? ती म्हणाली, तुम्हीच ठरवा. आम्ही मात्र तोंड उघडणार नाही.

आणि कोणी उघडलं नाही. गिरणीच्या फाटकापासून कचेरीपर्यंत. रस्त्यावरची माणसं आधी हसली, मग तीही गप्प झाली. नुसता पायांचा आवाज. तेव्हा माझे कान शाबूत होते. आयुष्यात जे काही ऐकलं त्यातलं ठेवून घेण्यासारखं फार थोडं होतं, पण तो पायांचा आवाज मी ठेवलाय.

लांबडी मान वळवून काय बोलते ते तू विचारलं नाहीस, तरी सांगते. मी तिच्या मागच्याच रांगेत होते. ती मला म्हणतेय, "पाय ओढू नकोस, त्यांना वाटेल दमलो." आवाज न काढता म्हणाली, मागावर बोलायचो तसंच. इतक्या वर्षांनी मी ते पडद्यावर पुन्हा वाचलं आणि खुर्चीत सरळ बसले.

तुझ्या डायरेक्टरांना सांग, मुकं चित्र मेलेलं नसतं. तू त्यांचं ऐकलं नाहीस हे फार चांगलं केलंस. तुझ्या बापालाही पत्र लिहिलंय की पोरीला शिकवल्याचं चीज झालं.

तुझी
आत्या


२ एप्रिल

प्रिय आत्या,

उत्तराला उशीर झाला, माफ कर. काम फार आहे. नवीन फिल्म सुरू झालीये, जुन्या पुलांवर. पूल बरे, ते बोलत नाहीत.

तुझं पत्र मी बऱ्याचदा वाचलं.

एक विचारायचं होतं. तुम्ही खरंच शेवटपर्यंत कोणीच काही बोलला नाहीत? कचेरीपाशी पोचल्यावरसुद्धा? मागच्या रांगांमधून कोणी एखादी घोषणा दिली असेल आणि तुला आठवत नसेल, असं होऊ शकतं का? सहज विचारते.

गुडघ्यांना जप. बाबांनी तुझं पत्र सगळ्यांना वाचून दाखवलं. त्यांना सांग ना, दाखवू नका म्हणून.

तुझी
भाची


१० एप्रिल

प्रिय पोरी,

तू पण?

नाही. कोणी बोललं नाही. कचेरीपाशीसुद्धा नाही. लांबडीने तिघींची नावं लिहिलेला कागद शिपायाच्या हातात दिला आणि आम्ही वळून परत आलो. तू एवढी शिकलेली, सगळं खरंखोटं तपासून घेतेस, म्हणून विचारलं असशील. पण याच सुमाराला दुसऱ्यांनीही हेच म्हटलं म्हणून मला ते लागलं.

झालं असं. सिनेमा झाल्यावर दोनचार दिवसांनी सूनबाई औषधं घेऊन आली. माझा हात हातात घेतला आणि ओठ सावकाश हलवून म्हणाली, "आजी, केवढ्या त्वेषाने ओरडत होता तुम्ही सगळ्या. माझ्या अंगावर काटा आला." मी म्हटलं, कोण ओरडत होतं? ती म्हणाली, "तुम्हीच की. न्याय मिळालाच पाहिजे म्हणत होता. ती उंच बाई सांगत होती आणि मागून बाकीच्या." मला वाटलं गंमत करते. मग वाटलं, दुसरंच काही बघून आली आणि घोटाळा झाला. मी समजावलं, अगं आम्ही तोंड उघडलं नव्हतं, तीच तर गोष्ट होती. ती ऐकेना. मग मी बोलले, उचलली जीभ लावली टाळ्याला, तू तिथे होतीस का? माझ्या भाचीने केलंय ते, ती असलं खोटं कधी घालणार नाही, तिला मी ओळखते.

तिने सासूला बोलावलं, नवऱ्याला बोलावलं. सगळे म्हणाले, ऐकलं. मी म्हटलं, तुम्ही सगळे मिळून बहिऱ्या बाईची चेष्टा करता. तेव्हा सूनबाई सासूकडे वळली आणि म्हणाली, "जाऊ द्या. वय झालंय, आठवत नसेल त्यांना." मी ओठ वाचते हे ती विसरली.

माझ्या घराची एक किल्ली त्यांच्याकडे असायची, एकटी असते, कधी काही झालं तर असू दे म्हणून. ती मी परत मागून घेतली. औषधं आता मीच जाऊन आणते.

हे सगळं मी पचवलं असतं. पण परवा उठले आणि माझ्याच मनात आलं, खरंच विसरले असेन तर? एवढी चार माणसं कशाला खोटं बोलतील? आरशासमोर जाऊन उभी राहिले आणि तोंड उघडून बघितलं. असं केलं होतं का मी त्या दिवशी? माझ्याजवळ त्या दिवसाचं दुसरं काही नाही, नुसती आठवण आहे, आणि लांबडी काही साक्षीला यायची नाही.

म्हणून तुला एक काम सांगते. दोन ओळी लिहून पाठव. मोर्चात बायका ओरडत नव्हत्या, एवढंच. खाली सही कर. मी ते सूनबाईच्या हातात देईन आणि मग तिने काय बोलायचं ते बोलावं.

तुझी
आत्या


१९ एप्रिल

प्रिय आत्या,

शेजारच्या वहिनी खरं बोलल्या. त्यांनी जे ऐकलं ते फिल्ममध्ये आहे. ते मी घातलं.

तू मागितलेल्या दोन ओळी मी लिहूही शकले असते. मोर्चात बायका ओरडत नव्हत्या. वाक्य खरं आहे, खाली सही केली असती तर कोणी मला खोटं ठरवलं नसतं. तू तो कागद वहिनींना दाखवला असतास, त्या अजूनच गोंधळल्या असत्या, आणि तू माझ्यावर तसाच विश्वास ठेवत राहिली असतीस. असा कागद मी लिहून बघितला. लिहिल्यावर तो मला वाचवेना.

कसं झालं ते सांगते. फितीला आवाज नव्हता. मला वाटलं आवाज हरवलाय. कॅमेऱ्याने तो घेतला नाही एवढंच मला दिसलं. तो मुळात नव्हताच, ही शंका माझ्या मनाला शिवली नाही. मोर्चा म्हटलं की घोषणा असणारच, हे मी कुठे शिकले देव जाणे. डायरेक्टर म्हणाले जिवंत कर. मी संग्रहात बसून दुसऱ्या गावच्या, दुसऱ्या वर्षीच्या एका मोर्चाचा आवाज शोधला. पाण्यासाठी निघालेल्या बायका होत्या त्या. त्यात एक बाई पुढून सांगते आणि बाकीच्या मागून म्हणतात. मला तो मुद्दाम बायकांचाच हवा होता, कारण पुरुषांचा घातला असता तर ते खोटं झालं असतं असं मला वाटलं. बघ, एवढा बारीक विचार केला मी.

मी संकलकांना म्हटलंही होतं, यांची तोंडं मिटलेली दिसतात. ते म्हणाले, "एक घोषणा संपून दुसरी सुरू होईपर्यंत माणूस तोंड मिटतोच की." मला ते पटलं. मग त्यांनी मिटलेल्या तोंडांचे शॉट कमी केले आणि पाय आणि पाठी जास्त ठेवल्या. तुला आवडल्या त्या. फक्त एकच तोंड उघडं सापडलं, लांबडीचं. ती मान वळवून बोलते तिथे आम्ही त्या पाणीवाल्या बाईचा आवाज बसवला. तो इतका चपखल बसला की संकलकांनी माझ्या पाठीवर थाप मारली. तुला सांगते, त्या क्षणी मला रडू येणार होतं, आनंदाने. मला वाटलं, मी तिला तिचा आवाज दिला. ती तुझ्याशी बोलत होती आणि मी तिच्या तोंडून एका परक्या बाईला ओरडायला लावलं.

तुझं बारा मार्चचं पत्र आलं तेव्हाच मला हे कळलं होतं. तेव्हाच सांगायला हवं होतं. मी त्याऐवजी तुला विचारलं की तुला आठवत नसेल का. वहिनी तुझ्या आठवणीबद्दल बोलल्या त्या न कळून. मी कळून बोलले. तुझी आठवण खोटी ठरली असती तर माझी चूक खरी ठरली नसती, एवढाच हिशोब होता त्यात. आरशासमोर तुला त्या फिल्मनेही उभं केलं असेल, पण मीही केलं. याची माफी कशी मागतात ते मला शिकवलेलं नाही.

डायरेक्टरांकडे गेले. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं. म्हणाले, "पण झालं काय त्याने? बघणाऱ्यांना राग आला, मालकाला शरम वाटली, फिल्मने काम केलं. आणि आवाज मी मागितला होता, पण आणलास तू." ते खरंच आहे. पुन्हा दाखवतील तेव्हा तेवढा आवाज काढायचं त्यांनी कबूल केलं, पण चॅनेलकडे गेलेली प्रत आता आमच्या हातात नाही. ते असंही म्हणाले, "तुला फारच त्रास होत असेल तर नामावलीतून तुझं नाव काढू." मी नको म्हटलं. नाव काढलं की तो आवाज कोणी आणला हे विचारायलाही जागा राहणार नाही.

सगळ्यात वाईट पुढेच आहे. आमचा तयार तुकडा आता संग्रहातही ठेवलाय, आवाजासकट. ज्याला घोषणा देणाऱ्या गिरणीकामगार बायका हव्या असतील त्याला आता त्या मिळतात. दोन ठिकाणी तर देऊनही झाल्यात. मी संग्रहपालांकडे बसून दोन्ही ठिकाणांना लिहिलं. एकाने आभार मानले आणि कळवलं की कार्यक्रम होऊन गेला. दुसऱ्याने काहीच कळवलं नाही. संग्रहातल्या तुकड्याच्या नोंदीत मात्र आता लिहिलेलं आहे की हा आवाज या बायकांचा नाही, त्या चालत असताना कोणी बोललं नव्हतं, आणि उंच बाई मागच्या मैत्रिणीला ओठांनी म्हणते, पाय ओढू नकोस. त्यांनी विचारलं, माहितीचा आधार काय लिहू? मी म्हटलं, मागच्या रांगेत चालणारी बाई.

तू विसरलेली नाहीस. हे एकच वाक्य लिहायला मी इतके दिवस घेतले.

तू रागावशील. पत्र पाठवावंसं वाटलं नाही तर नको पाठवूस. पण किल्ली वहिनींना परत दे, माझ्यावरच्या रागाने एकटी राहू नकोस. बाबांना मी सांगितलंय. तू त्यांना लिहिलेलं पत्र त्यांनी खिशातून काढून माझ्या हातात दिलं.

त्या दोन ओळीही मी लिहिल्या. तुझ्याकडे नाही पाठवल्या, सरळ वहिनींच्या नावाने पाठवल्या. त्यात असं आहे: तुम्ही टीव्हीवर ऐकलंत तो आवाज मी दुसरीकडून आणून लावला होता, माझी आत्या आणि तिच्या मैत्रिणी त्या दिवशी गप्प चालल्या होत्या. तिला सगळं नीट आठवतं. खाली माझं पूर्ण नाव आणि सही आहे. हे पत्र तुला लिहायला घेतलं असतं आणि मध्येच माझा धीर सुटला असता, म्हणून आधी ते लिहिलं. आज सकाळी पेटीत टाकून आले आणि मगच हे लिहायला बसले.

तुझी
भाची